टॅबवरची नको असलेली अ‍ॅप्स

टॅबवर दिसणारी सगळी अ‍ॅप्स एकाच वाटेने आलेली नसतात, त्यामुळे ती एकाच पद्धतीने काढताही येत नाहीत. सेटिंग्ज, कीबोर्ड, पडद्यावर आयकॉन मांडणारा लाँचर ही अ‍ॅप्स ऑपरेटिंग सिस्टिमचाच भाग असतात. काही अ‍ॅप्स टॅब बनवणाऱ्या कंपनीने, किंवा तिच्याशी करार केलेल्या इतर कंपन्यांनी, कारखान्यातच भरून दिलेली असतात: एखादे खरेदीचे, एखादे बातम्यांचे, दोन-तीन खेळ आणि गूगल क्रोम असूनही दिलेला कंपनीचा स्वतःचा वेगळा ब्राउझर. तिसऱ्या गटात वापरणाऱ्याने स्वतः घेतलेली अ‍ॅप्स येतात. टॅब बहुधा घरात सगळ्यांचा असतो, त्यामुळे ही भर सगळ्यांकडून पडते. मुलांना खेळ हवे असतात, आजोबांना भजनांचे अ‍ॅप हवे असते, शाळा एक अ‍ॅप सांगते आणि शिकवणीवाले दुसरेच सांगतात. अ‍ॅप काढायला बसण्याआधी ते या तीनपैकी कोणत्या गटातले आहे हे ओळखले, तर पुढचे निम्मे काम सोपे होते.

गटानुसार काढण्याची पद्धत बदलते, याचे कारण अँड्रॉइड टॅबच्या रचनेत आहे. टॅबची साठवण वेगवेगळ्या विभागांत वाटलेली असते. ऑपरेटिंग सिस्टिम आणि तिच्याबरोबर आलेली अ‍ॅप्स सिस्टिम विभागात असतात. हा विभाग फक्त वाचण्यासाठी असतो. टॅब चालू असताना त्यात काही लिहिता येत नाही आणि त्यातून काही पुसताही येत नाही. वापरणाऱ्याने घेतलेली अ‍ॅप्स, त्यांची माहिती, फोटो, फायली हे सगळे डेटा विभागात राहते. डेटा विभागातले अ‍ॅप एका बोटाने निघते. सिस्टिम विभागातले अ‍ॅप म्हणजे भिंतीत बांधून काढलेले कपाट: त्याला कुलूप लावता येते, पण ते उचलून बाहेर नेता येत नाही. कंपनीने आधीच भरलेली काही अ‍ॅप्स डेटा विभागात ठेवलेली असतात आणि ती सहज निघतात, काही मात्र सिस्टिम विभागात बसवलेली असतात. आयकॉनकडे पाहून यातला फरक कळत नाही. अ‍ॅपच्या माहितीच्या पानावर ‘अनइन्स्टॉल’ हे बटण आहे की ‘डिसेबल’, एवढ्यावरून तो कळतो.

कंपन्या ही अ‍ॅप्स भरतात, कारण त्यात पैसा आहे. स्वस्त टॅबच्या विक्रीत नफ्याचा वाटा फार थोडा उरतो. एखाद्या अ‍ॅपला पहिल्या दिवसापासून ग्राहकाच्या पडद्यावर जागा देण्याबद्दल त्या अ‍ॅपची कंपनी टॅबवाल्याला मोबदला देते आणि यंत्राची किंमत तेवढी खाली ठेवता येते. काही टॅब पहिल्यांदा सुरू करताना ‘शिफारस केलेली अ‍ॅप्स’ अशी यादी येते. तिच्यातल्या चौकटींवर आधीच खुणा केलेल्या असतात. घाईने ‘पुढे’ दाबले की ती सगळी अ‍ॅप्स उतरतात. या पानावर मिनिटभर थांबून खुणा काढल्या, तर नंतरची बरीच साफसफाई वाचते.

जागेचा प्रश्न टॅबवर लवकर जाणवतो. सरकारी योजनेतला ‘आकाश’ टॅब २०११ मध्ये आला तेव्हा त्याची साठवण २ जीबी होती. आज एकच मोठा खेळ त्याहून जास्त जागा घेतो. सध्याच्या स्वस्त टॅबवर ३२ किंवा ६४ जीबी लिहिलेले असते, पण तेवढी जागा हाती येत नाही. ३२ जीबी म्हणजे ३२ अब्ज बाइट. संगणकाच्या द्विमान मोजणीत ते जवळपास २९.८ भरतात. त्यातून ऑपरेटिंग सिस्टिम आणि आधीच भरलेली अ‍ॅप्स बरेचदा दहा-पंधरा जीबी घेतात. मेमरी कार्ड लावले तरी अ‍ॅप्स बहुतेक टॅबच्या अंगच्या साठवणीतच राहतात. कार्डावर फोटो, व्हिडिओ आणि फायली जातात. शिवाय न वापरलेले अ‍ॅपसुद्धा नुसते पडून राहत नाही. ते पाठीमागे चालून रॅम आणि बॅटरी खाते, सूचना पाठवते, स्वतःला अद्ययावत करताना इंटरनेटचा डेटा वापरते आणि एकदा दिलेल्या परवानग्या धरून ठेवते. यातला परवानग्यांचा भाग सर्वांत गंभीर आहे. दोन वर्षांपूर्वी एकदाच उघडलेल्या फोटो सजवण्याच्या अ‍ॅपला आजही संपर्कयादी आणि मायक्रोफोन खुला असू शकतो. अँड्रॉइड ११ मध्ये, म्हणजे २०२० पासून, बरेच महिने न उघडलेल्या अ‍ॅपच्या परवानग्या आपोआप काढून घेण्याची सोय आली. पुढच्या वर्षी अँड्रॉइड १२ ने अशा अ‍ॅपला निद्रावस्थेत टाकायला सुरुवात केली. ही चांगली सुधारणा आहे, पण तोवर काही महिने गेलेले असतात आणि त्या काळात नेलेली माहिती परत येत नाही.

काढण्यापूर्वी

अ‍ॅप काढायला काही सेकंद लागतात, त्यामुळे आधी काय वाचवायचे हे पाहण्याचे राहून जाते. अ‍ॅपबरोबर त्याच्या स्वतःच्या खासगी जागेतले सगळे पुसले जाते. चित्रे काढण्याच्या अ‍ॅपमध्ये मुलीने काढलेली चित्रे, नोंदींच्या अ‍ॅपमधल्या वर्गातल्या नोंदी, ऑफलाइन पाहण्यासाठी उतरवलेली व्याख्याने, खेळातली प्रगती हे तिथेच साठवलेले असते. ‘डाउनलोड’ किंवा ‘पिक्चर्स’सारख्या सामाईक फोल्डरमध्ये ठेवलेल्या फायली मात्र राहतात. म्हणून हवे ते आधी सामाईक फोल्डरमध्ये किंवा गूगल ड्राइव्हवर निर्यात करून घ्यावे. अँड्रॉइड ६ पासून गूगल खात्यात अ‍ॅपची थोडी माहिती आपोआप राखली जाते, पण तिची मर्यादा प्रत्येक अ‍ॅपला २५ एमबी एवढीच आहे आणि ती सोय वापरायची की नाही हे अ‍ॅप बनवणारा ठरवतो. तिच्या भरवशावर राहू नये.

दोन टप्प्यांच्या पडताळणीसाठी सहा अंकी संकेत देणाऱ्या ऑथेंटिकेटर अ‍ॅप्सबाबत तर विशेष सावध राहावे लागते. ते संकेत दुसऱ्या यंत्रावर हलवण्याआधी किंवा खात्याशी जोडण्याआधी अ‍ॅप काढले, तर ईमेल आणि इतर खात्यांचे दार आपल्यालाच बंद होते. व्हॉट्सअ‍ॅपबाबत भीती बाळगण्याचे कारण मात्र कमी आहे. टॅबवरचे व्हॉट्सअ‍ॅप फोनवरच्या खात्याला जोडलेले उपकरण म्हणून चालत असेल, तर ते काढल्याने फोनवरच्या गप्पा जात नाहीत.

वर्गणी ही सर्वाधिक फसवणारी गोष्ट. अ‍ॅप काढल्याने वर्गणी थांबत नाही. ‘पहिले सात दिवस मोफत’ म्हणून घेतलेले कोडी सोडवण्याचे अ‍ॅप तिसऱ्या दिवशी काढून टाकले, तरी आठव्या दिवसापासून पैसे जात राहतात. अँड्रॉइडवर प्ले स्टोअरमध्ये खात्याच्या चित्रावर बोट लावून ‘पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स’मध्ये, आणि आयपॅडवर सेटिंग्जमध्ये सर्वांत वर दिसणाऱ्या नावाखालच्या ‘सबस्क्रिप्शन्स’मध्ये ती रद्द करावी लागते. यूपीआय ऑटोपेवर दिलेली संमती ज्या यूपीआय अ‍ॅपमधून दिली तिथून मागे घेता येते. रिझर्व्ह बँकेच्या नियमांमुळे कार्डावरून आपोआप होणाऱ्या अशा वसुलीची सूचना किमान २४ तास आधी येते. तो संदेश वाचला, तर विसरलेली वर्गणी तिथेच सापडते.

खाते ही आणखी वेगळी गोष्ट. अ‍ॅप टॅबवरून गेले तरी कंपनीच्या सर्व्हरवरचे खाते आणि त्यातली नाव, वय, फोन नंबर, शाळा ही माहिती तशीच राहते. म्हणून अ‍ॅप काढण्यापूर्वी त्यातूनच खाते बंद करण्याचा पर्याय शोधावा. ज्या अ‍ॅप्समध्ये खाते उघडता येते, त्यांनी ते अ‍ॅपमधूनच बंद करण्याची सोय द्यावी, अशी सक्ती अ‍ॅपलने ३० जून २०२२ पासून केली. गूगल प्लेनेही नंतर तसाच नियम आणला आणि अ‍ॅप हातात नसताना वेबवरूनही ही विनंती करता आली पाहिजे, असे सांगितले.

अँड्रॉइड टॅबवर

साधे अ‍ॅप काढण्याचा सर्वांत जवळचा मार्ग म्हणजे आयकॉनवर बोट दाबून धरणे. थोड्या वेळाने छोटी यादी उघडते किंवा पडद्याच्या वरच्या कडेला ‘अनइन्स्टॉल’ उमटते. येथे नीट वाचावे लागते, कारण शेजारीच ‘रिमूव्ह’ हाही पर्याय असतो आणि तो फक्त पडद्यावरचा आयकॉन हटवतो. अ‍ॅप जिथल्या तिथे राहते. दुसरा मार्ग सेटिंग्जमधून जातो: ‘अ‍ॅप्स’ उघडून पूर्ण यादी पाहायची, नको ते अ‍ॅप निवडायचे आणि ‘अनइन्स्टॉल’ दाबायचे. पडद्यावर आयकॉन नसलेली अ‍ॅप्सही या यादीत सापडतात.

पुष्कळ अ‍ॅप्स एकदम काढायची असतील तर प्ले स्टोअरचा मार्ग उत्तम. खात्याच्या चित्रावर बोट लावून ‘मॅनेज अ‍ॅप्स अँड डिव्हाइस’ आणि त्यातले ‘मॅनेज’ उघडले, की अ‍ॅप्सची यादी आकारानुसार किंवा सर्वांत कमी वापरलेली आधी अशी लावता येते. चौकटींवर खुणा करून वरच्या कचरापेटीच्या चिन्हाला हात लावला की सगळी एकत्र जातात. कमी वापरलेली अ‍ॅप्स आधी दाखवणारी ही यादी डोळे उघडणारी असते.

जागा हवी आहे पण अ‍ॅप कायमचे घालवायचे नाही, अशा वेळी अर्काइव्हचा पर्याय आहे. गूगलने तो २०२३ मध्ये प्ले स्टोअरमार्फत आणला आणि अँड्रॉइड १५ मध्ये तो सिस्टिममध्येच आला. त्यात अ‍ॅपचा मोठा भाग पुसला जातो, पण आयकॉन आणि वापरणाऱ्याची माहिती राहते. आयकॉनला पुन्हा हात लावला की अ‍ॅप उतरून येते. परीक्षेच्या हंगामापुरत्या लागणाऱ्या सराव अ‍ॅपसाठी हे उपयोगी आहे. ‘क्लिअर कॅशे’ने तात्पुरत्या फायली जातात आणि अ‍ॅप जसेच्या तसे चालते. ‘क्लिअर डेटा’ किंवा ‘क्लिअर स्टोरेज’ने मात्र अ‍ॅपमधले सर्व पुसले जाते. ‘फोर्स स्टॉप’ने अ‍ॅप तेवढ्यापुरते थांबते. आणि अलीकडे उघडलेल्या अ‍ॅप्सच्या रांगेतून एखादे वर सरकवले, तर काहीच काढले जात नाही. अनेक जण या कृतीला साफसफाई समजतात.

घरच्या टॅबवर एकाहून अधिक वापरकर्त्यांची प्रोफाइल केलेली असतील तर आणखी एक पेच येतो. अँड्रॉइड ४.२ ने २०१२ मध्ये टॅबसाठी ही सोय आणली. एकाने आपल्या प्रोफाइलमधून अ‍ॅप काढले, तरी दुसऱ्याकडे ते असेपर्यंत त्याची मूळ फाइल साठवणीतच राहते आणि जागा मोकळी होत नाही. मुख्य प्रोफाइलमध्ये अ‍ॅपच्या माहितीच्या पानावर वरच्या तीन ठिपक्यांत ‘अनइन्स्टॉल फॉर ऑल युजर्स’ असते, त्याने प्रश्न सुटतो.

‘अनइन्स्टॉल’ऐवजी ‘डिसेबल’ दिसत असेल, तर अ‍ॅप सिस्टिम विभागातले आहे. डिसेबल केलेले अ‍ॅप चालत नाही, सूचना देत नाही, पडद्यावरून नाहीसे होते, अद्ययावतही होत नाही. त्याची मूळ फाइल सिस्टिम विभागातच राहते आणि ती जागा तशीही वापरणाऱ्याला कधी मिळणार नसते, कारण तो विभाग ठरावीक मापाचा असतो. तरीही जागा सुटते, ती वेगळ्या ठिकाणी. कारखान्यातून आलेल्या अ‍ॅपची नंतरची सगळी अद्ययावत रूपे डेटा विभागात साठत जातात. डिसेबल करताना ‘अनइन्स्टॉल अपडेट्स’ला होकार दिला की ती पुसली जातात आणि वर्षानुवर्षे न वापरलेल्या एका अ‍ॅपमागे कधी शंभर, कधी दोन-तीनशे एमबी परत मिळतात. बँक, बातम्या किंवा चित्रपटांच्या नको असलेल्या आठ-दहा अ‍ॅप्सवर ही कृती केली, तर ३२ जीबीच्या टॅबवर फरक लगेच दिसतो.

डिसेबल करताना प्रत्येक अनोळखी नावावर बोट ठेवणे मात्र धोक्याचे आहे. ‘अँड्रॉइड सिस्टिम वेबव्ह्यू’ हे नाव कोणी ऐकलेले नसते, त्याचा आयकॉनही पडद्यावर नसतो, म्हणून ते निरुपयोगी वाटते. पण इतर अ‍ॅप्स आपल्या आत वेबपाने दाखवतात ती याच्याच आधारे. मार्च २०२१ मध्ये वेबव्ह्यूच्या एका सदोष अपडेटमुळे जगभर जीमेलसह असंख्य अ‍ॅप्स उघडताक्षणी बंद पडू लागली होती आणि ते अपडेट काढल्यावर किंवा दुरुस्त झाल्यावरच ती पूर्ववत झाली. एवढी अ‍ॅप्स या एका घटकावर उभी आहेत. गूगल प्ले सर्व्हिसेस, लाँचर, वापरात असलेला कीबोर्ड, पॅकेज इन्स्टॉलर यांनाही हात लावू नये. ओळखीचा, स्वतःचा आयकॉन असलेला आणि ज्याचे काम माहीत आहे असाच पाहुणा बाहेर काढावा.

आयपॅडवर

आयपॅडवर पसारा कमी असतो, कारण दुसऱ्या कंपन्यांची अ‍ॅप्स आधी भरून दिलेली नसतात. आयकॉनवर बोट दाबून धरून ‘रिमूव्ह अ‍ॅप’ निवडले की दोन पर्याय येतात. ‘डिलीट अ‍ॅप’ने अ‍ॅप माहितीसह जाते, ‘रिमूव्ह फ्रॉम होम स्क्रीन’ने ते फक्त पडद्यावरून हटते आणि आयपॅडओएस १५ पासून आलेल्या अ‍ॅप लायब्ररीत राहते. सेटिंग्जमधल्या ‘जनरल’ आणि ‘आयपॅड स्टोरेज’मध्ये प्रत्येक अ‍ॅपचा आकार आणि ते शेवटचे कधी वापरले ते दिसते. तिथेच ‘ऑफलोड अ‍ॅप’ आहे. ही सोय २०१७ मध्ये आली: अ‍ॅप जाते, त्यातली कागदपत्रे राहतात. ‘डिलीट अ‍ॅप’ दिसतच नसेल तर बहुधा ‘स्क्रीन टाइम’मधल्या निर्बंधांत अ‍ॅप काढण्याला मनाई केलेली असते.

अ‍ॅपलची स्वतःची अ‍ॅप्स बरीच वर्षे काढता येत नव्हती. २०१६ मध्ये आयओएस १० ने टिप्स, मेल, मॅप्स यांसारखी अ‍ॅप्स हटवण्याची परवानगी दिली आणि पुन्हा हवी असल्यास ती अ‍ॅप स्टोअरमधून घेता येतात. त्यांचा आकार लहान असल्याने जागेचा लाभ मात्र नगण्य असतो.

हट्टी आणि लबाड अ‍ॅप्स

काही अ‍ॅप्स स्वतःला काढू देत नाहीत. ‘अनइन्स्टॉल’ करडे दिसते किंवा दाबल्यावर काहीच होत नाही. अशा अ‍ॅपने बहुधा ‘डिव्हाइस अ‍ॅडमिन’चा अधिकार मिळवलेला असतो. सेटिंग्जच्या सुरक्षाविभागात ‘डिव्हाइस अ‍ॅडमिन अ‍ॅप्स’ ही यादी असते. तिथे अधिकार काढून घेतला की अ‍ॅप नेहमीच्या मार्गाने निघते. त्याचबरोबर ‘अ‍ॅक्सेसिबिलिटी’ आणि ‘इतर अ‍ॅप्सवर दिसण्याची’ परवानगी कोणाकोणाला आहे तेही तपासावे. दृष्टी किंवा हालचालींची अडचण असलेल्यांसाठी असलेली अ‍ॅक्सेसिबिलिटी सेवा पडद्यावरचे सर्व वाचू शकते आणि बोटांऐवजी स्वतः बटणे दाबू शकते. पैसे लुटणाऱ्या बनावट अ‍ॅप्सना म्हणूनच तिची हाव असते.

सेटिंग्ज उघडताच बंद पडत असतील किंवा जाहिरातींनी पडदा व्यापला असेल, तर टॅब सेफ मोडमध्ये सुरू करावा. बहुतेक टॅबवर पॉवरचा पर्याय पडद्यावर आला की ‘पॉवर ऑफ’वर बोट दाबून धरायचे आणि विचारल्यावर होकार द्यायचा. या अवस्थेत वापरणाऱ्याने घेतलेली अ‍ॅप्स चालत नाहीत, त्यामुळे त्रास देणारे अ‍ॅप शांतपणे काढता येते. टॅब पुन्हा सुरू केला की नेहमीची अवस्था परत येते. नंतर प्ले स्टोअरमधले ‘प्ले प्रोटेक्ट’ चालवून तपासणी करून घ्यावी.

अशी अ‍ॅप्स बहुधा प्ले स्टोअरबाहेरून, व्हॉट्सअ‍ॅपवर आलेल्या एपीके फाइलमधून, म्हणजे अ‍ॅप थेट बसवणाऱ्या फाइलमधून, शिरतात. लग्नाची पत्रिका, वाहतूक दंडाची पावती, वीजबिलाची थकबाकी अशी नावे त्यांना दिलेली असतात. झटपट कर्ज देणाऱ्या बनावट अ‍ॅप्सनी संपर्कयादी आणि फोटो पळवून कर्जदारांचा जो छळ केला, त्यानंतर गूगलने ३१ मे २०२३ पासून वैयक्तिक कर्जाच्या अ‍ॅप्सना या दोन्ही गोष्टी वाचण्यास मनाई केली. आधीच गेलेली माहिती अ‍ॅप काढल्याने परत येत नाही. पैसे गेले असतील तर अ‍ॅप काढण्याआधी पडद्याची छायाचित्रे घ्यावीत आणि १९३० या क्रमांकावर ताबडतोब तक्रार नोंदवावी. पुरावा पुसला गेला तर तपास अवघड होतो.

साफसफाई करून देतो म्हणणारी ‘क्लीनर’ आणि ‘बूस्टर’ अ‍ॅप्स मात्र काढण्याच्या यादीत सर्वांत वर ठेवावीत. त्यांची खरी उपयोगी कामे अँड्रॉइडमध्ये आधीपासून आहेत. त्यापलीकडे ती जाहिराती दाखवतात आणि परवानग्या मागतात. इतर अ‍ॅप्स काढायला लावणारी अ‍ॅप्स गूगलच्या नियमांतही बसत नाहीत. मे २०२० मध्ये, गलवान खोऱ्यातल्या तणावाच्या दिवसांत, जयपूरच्या एका चमूचे ‘रिमूव्ह चायना अ‍ॅप्स’ भारतात लाखो लोकांनी घेतले होते. जूनच्या सुरुवातीला गूगलने ते प्ले स्टोअरवरून हटवले. त्याच महिन्याच्या २९ तारखेला केंद्र सरकारने टिकटॉकसह ५९ अ‍ॅप्सवर बंदी घातली. त्या बंदीनेही आधी घेतलेली अ‍ॅप्स लोकांच्या यंत्रांवरून आपोआप गेली नाहीत. ती चालेनाशी झाली, काढावी मात्र ज्याची त्याने लागली.

संस्थेने दिलेल्या टॅबची गोष्ट निराळी. महाराष्ट्रात महाज्योतीसारख्या संस्था प्रवेश परीक्षांची तयारी करणाऱ्या विद्यार्थ्यांना टॅब देतात, अनेक शाळा आणि कंपन्याही देतात. अशा यंत्रावर संस्थेचे व्यवस्थापन सॉफ्टवेअर असेल, तर अ‍ॅप घालणे-काढणे संस्थेच्या हाती असते. तिथे आडवाटेने प्रयोग न करता लेखी विचारणे योग्य.

संगणकाच्या मदतीने

डिसेबलचे बटणही करडे असेल, तर अँड्रॉइडवर आणखी एक वाट आहे. सेटिंग्जमध्ये ‘बिल्ड नंबर’वर सात वेळा बोट लावले की ‘डेव्हलपर ऑप्शन्स’ उघडतात. त्यात ‘यूएसबी डीबगिंग’ चालू करून टॅब केबलने संगणकाला जोडायचा आणि गूगलने मोफत दिलेले एडीबी हे साधन वापरायचे. त्यातून दिलेली आज्ञा सांगते की अमुक पॅकेज, म्हणजे अमुक अ‍ॅप, ‘शून्य’ क्रमांकाच्या वापरकर्त्यासाठी काढून टाका. हा क्रमांक टॅबच्या मुख्य प्रोफाइलचा असतो. वर सांगितलेल्या अनेक प्रोफाइलच्या सोयीचाच हा उपयोग आहे. सिस्टिम विभागातली फाइल जिथल्या तिथे राहते, पण त्या वापरकर्त्यापुरते अ‍ॅप अस्तित्वात नसल्यासारखे होते. चूक झाली तर दुसऱ्या आज्ञेने तेच अ‍ॅप परत बसवता येते, म्हणून हा मार्ग त्यातल्या त्यात सुरक्षित. तरीही लाँचर किंवा सेटिंग्जसारखा आवश्यक घटक गेला, तर टॅब नीट सुरू होत नाही. एका वेळी एकच पॅकेज काढावे, टॅब बंद करून पुन्हा सुरू करून पाहावा, मगच पुढचे घ्यावे. काम झाल्यावर यूएसबी डीबगिंग बंद करायला विसरू नये.

रूट करून, म्हणजे सिस्टिमचा पूर्ण ताबा मिळवून, सिस्टिम विभागातूनच फाइल पुसणे हा शेवटचा मार्ग आणि तो साधारण वापरणाऱ्याने घेऊ नये. वॉरंटी जाण्याचा धोका असतो, अनेक बँकांची अ‍ॅप्स रूट केलेल्या यंत्रावर चालत नाहीत आणि सॅमसंगच्या नॉक्स ही सुरक्षाप्रणाली असलेल्या यंत्रांत तर हार्डवेअरमधला एक फ्यूज कायमचा उडतो, जो मूळ सॉफ्टवेअर पुन्हा भरूनही पूर्ववत होत नाही. काही शे एमबीसाठी एवढी किंमत देण्यात अर्थ नाही.

कायद्याची बाजू

विकत घेतलेल्या यंत्रावरचे अ‍ॅप मालकाला काढता का येऊ नये, हा प्रश्न न्यायालयांपर्यंत गेला आहे. २० ऑक्टोबर २०२२ रोजी भारतीय स्पर्धा आयोगाने अँड्रॉइड प्रकरणात गूगलला १,३३७.७६ कोटी रुपयांचा दंड केला. त्याबरोबरच्या निर्देशांत, आधी बसवलेली स्वतःची अ‍ॅप्स काढण्यापासून गूगलने वापरकर्त्यांना अडवू नये, हाही एक होता. २९ मार्च २०२३ रोजी राष्ट्रीय कंपनी कायदा अपील न्यायाधिकरणाने दंड कायम ठेवला, पण चार निर्देश रद्द केले आणि त्यांत नेमका हा निर्देश गेला. ग्राहकाच्या दृष्टीने सर्वांत ठोस हक्क त्यामुळे हातचा सुटला.

युरोपीय संघ पुढे गेला. तिथल्या डिजिटल मार्केट्स कायद्यानुसार मोठ्या कंपन्यांना आपल्या ऑपरेटिंग सिस्टिमवरची अ‍ॅप्स सहज काढू द्यावी लागतात. यंत्र चालण्यासाठी जी खरोखर अपरिहार्य आहेत तेवढीच वगळली आहेत. मार्च २०२४ पासून ही बंधने लागू झाली, एप्रिलमध्ये आयपॅडओएसचाही त्यात समावेश झाला आणि त्या वर्षअखेरीस युरोपातल्या आयपॅडवर सफारी, कॅमेरा, फोटो, एवढेच काय अ‍ॅप स्टोअरसुद्धा काढता येऊ लागले. त्याच कंपनीचा भारतात विकलेला आयपॅड ही मुभा देत नाही. तांत्रिक अडचण नाही हे यातून सिद्ध होते.

सरकारी अ‍ॅपलाही हाच प्रश्न लागू होतो. नोव्हेंबर २०२५ च्या अखेरीस दूरसंचार विभागाने नव्या मोबाइल फोनवर ‘संचार साथी’ आधीच बसवण्याचा आदेश उत्पादकांना दिला आणि ते बंद पाडता येऊ नये असेही त्यात होते. चोरीचे फोन शोधण्यासाठी हे अ‍ॅप उपयुक्त आहे. तरीही खासगीपणाच्या मुद्द्यावर देशभर विरोध झाला आणि काही दिवसांतच, डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात, ही सक्ती मागे घेण्यात आली.

काढल्यानंतर

काढलेली अ‍ॅप्स परत येण्याच्या वाटाही ठाऊक हव्यात. ऑपरेटिंग सिस्टिमच्या मोठ्या अपडेटनंतर डिसेबल केलेली किंवा एडीबीने काढलेली काही अ‍ॅप्स पुन्हा उगवू शकतात, शिवाय अपडेटबरोबर नवीही येतात. नवा टॅब जुन्याच्या बॅकअपवरून भरला, तर जुन्या टॅबवरची नकोशी अ‍ॅप्सही त्याच्याबरोबर उतरतात. तेव्हा ‘सगळी’ऐवजी निवडक अ‍ॅप्सवर खुणा कराव्यात. फॅक्टरी रीसेटने डेटा विभाग पुसला जातो आणि टॅब कारखान्यातून आला तसा होतो, म्हणजे कंपनीने भरलेली सगळी अ‍ॅप्स पुन्हा जागेवर येतात. म्हणून केवळ नको असलेल्या अ‍ॅप्ससाठी रीसेट करू नये. टॅब विकताना किंवा दुसऱ्याला देताना मात्र रीसेट करायलाच हवा आणि त्याआधी त्यावरून गूगल किंवा अ‍ॅपलचे खाते काढावे, नाहीतर नव्या मालकाला जुन्या खात्याचा पासवर्ड टाकल्याशिवाय टॅब सुरू करता न येण्याचा धोका असतो.